आजपासून साल पहिलं: राज्याभिषेक शक आणि आमच्या घरची एक तिथी



बरेच महिने नुसता वाचतोय, लिहिलं काहीच नाही. गेल्या आठवड्यात घरी एक विषय निघाला आणि तो काही डोक्यातून जाईना, म्हणून आज लिहायला बसलो. मी इतिहासाचा अभ्यासक नाही. पुण्यात इंजिनियरिंग केलं, सध्या पार्सिपनीत डेटाबेस सांभाळतो. तेव्हा जाणकारांनी सांभाळून घ्यावं. लेख जरा लांबलाय, चहा घेऊन बसा.

सुरुवात आमच्या चिरंजीवांपासून. वय वर्षं दहा. सध्या त्याने एक काल्पनिक जग तयार केलंय. डायनिंग टेबलावर नकाशा पसरलेला असतो, त्यात तीन राज्यं, दोन समुद्र आणि एक ज्वालामुखी. या जगाला त्याला स्वतःचं कॅलेंडर हवं होतं. त्याने १३ महिने केले, प्रत्येकी २८ दिवसांचे. झाले ३६४. उरलेला एक दिवस कुठल्याच महिन्यात नाही, त्या दिवशी तिथे कुणी कामाला जात नाही. (हे मला फार आवडलं.) हा हिशोब त्याला पटकन जमला. अडलं ते साल लिहिताना. गोष्ट कुठल्या साली सुरू होते? मोजायचं कुठून? मला म्हणाला, "बाबा, राजा असं उठून म्हणू शकतो का, की आजपासून साल पहिलं?"

मी म्हटलं, म्हणू शकतो. आपल्याकडे एका राजानं म्हटलं होतं. आणि मग त्याला सांगता सांगता लक्षात आलं की ही गोष्ट मलाच नीट माहीत नाही.

*

शिवाजी महाराजांचा राज्याभिषेक ६ जून १६७४ ला रायगडावर झाला, हे आपण सगळे चौथीच्या पुस्तकापासून जाणतो. त्याच दिवशी त्यांनी नवा शक सुरू केला हेही एका ओळीत वाचलेलं असतं. परीक्षेत 'शककर्ते' असं लिहून एक मार्क मिळवला की विषय संपला. पण शक सुरू करणं म्हणजे नक्की काय केलं?

आधी त्या काळी कागदावर तारीख कशी लिहीत ते बघू. धार्मिक कामाला शालिवाहन शक होता. तो इसवी सनाच्या ७८ वर्षं मागे, म्हणजे १६७४ चा पाडवा झाला की शके १५९६. त्याच्या जोडीला साठ नावांच्या चक्रातलं संवत्सराचं नाव, त्या वर्षीचं 'आनंद'. पण सरकारी कामकाजाला, म्हणजे महसूल, हिशोब, पत्रं, हुकूम यांना दख्खनमध्ये चालायचा सुहूर सन. आणि सुहूर सन ही काय चीज आहे ते कळल्याशिवाय राज्याभिषेक शकाची गंमत कळत नाही, म्हणून थोडं आडवळण घेतो.

हिजरी वर्ष चंद्राचं, साधारण ३५४ दिवसांचं. ऋतूंच्या मानाने ते दरवर्षी ११ दिवस मागे सरकतं. सणावारांना हे चालतं, पण शेतसाऱ्याला कसं चालणार? यंदा पीक निघाल्यावर सारा मागितला, तर पंधरा-सोळा वर्षांनी तोच महिना ऐन पेरणीत येणार. म्हणून सुलतानांच्या राजवटीत एक मधला मार्ग निघाला. महिन्यांची नावं हिजरीच ठेवायची, पण वर्ष सूर्याचं धरायचं आणि ते बदलायचं सूर्य मृग नक्षत्रात जातो त्या दिवशी. म्हणजे आपला मृग, पावसाच्या तोंडावरचा. हाच सुहूर सन.

तो कधी सुरू झाला हे गणितानेही निघतं. सुहूर सनात मृगापासून डिसेंबरपर्यंत ५९९ मिळवले की इसवी सन येतो, जानेवारीपासून पुढच्या मृगापर्यंत ६००. हिजरी आणि सुहूर हे आकडे मागे मागे नेले तर ७४५ या सालाला ते एकत्र येतात, म्हणजे इसवी सन १३४४. मुहम्मद तुघलकाचा काळ. तिथून दोघांची वाट फुटली. १६७४ पर्यंत हिजरी १०८५ झाला होता आणि सुहूर १०७५. तीनशेतीस वर्षांत दहा वर्षांचा फरक. दरवर्षीचे ११ दिवस साठत गेले की एवढाच भरतो, हवं तर करून बघा.

शिवाय हे साल आकड्यांत नाही, अरबी शब्दांत लिहायचे. इहिदे १, इसन्ने २, सलास ३, अर्बा ४, खमस ५, सीत ६, सबा ७, समान ८, तिसा ९, अशर १०. मग दशकं: अशरीन, सलासीन, अर्बैन, खमसैन, सितैन, सबैन, समानीन, तिसैन. मया म्हणजे १००, अलफ म्हणजे १०००. एकक आधी, हजार शेवटी. राज्याभिषेकाचं वर्ष १०७५, म्हणजे 'खमस सबैन अलफ'. पानिपतची लढाई १४ जानेवारी १७६१ ची, म्हणून सुहूर ११६१, 'इहिदे सितैन मया व अलफ'. आपल्या आजोबा-पणजोबांच्या ट्रंकेत मोडी कागद असतील तर त्यात हे शब्द हमखास सापडतील. मराठी कुलकर्णी गावच्या चावडीत बसून मराठी माणसाचा सारा मराठीत लिहीत होता आणि वरती साल मात्र अरबीत. कुणालाही त्यात काही विचित्र वाटत नव्हतं.

*

आता रायगड. महाराजांनी काय बदललं? माझ्या मुलासारखे नवे महिने केले नाहीत. आठवडा बदलला नाही. तिथी, नक्षत्र, अधिक महिना, सगळं पंचांगात होतं तसंच. बदलला एकच आकडा: साल. शके १५९६ च्या ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला 'राज्याभिषेक शके १' सुरू. दर ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला त्यात एक मिळवायचा. बस्स.

जगात इतरांनी हा उद्योग कसा केला ते पाहिलं की याचं वेगळेपण कळतं. अकबरानं १५८४ मध्ये इलाही सन काढला, मोजणी आपल्या १५५६ च्या राज्यारोहणापासून धरली आणि महिन्यांना जुनी इराणी नावं दिली. टिपू सुलतानानं वर्षांची आणि महिन्यांची नावंच नवी केली. फ्रेंच क्रांतिकारकांनी तर सगळंच मोडलं: ३०-३० दिवसांचे बारा महिने, दहा दिवसांचा आठवडा, नवी नावं. १७९३ मध्ये लागू केलं आणि १ जानेवारी १८०६ पासून नेपोलियननं गुंडाळलं. आपल्या भाषेत, चालू सिस्टीम फेकून सगळं नव्याने लिहायला घेतलं आणि वापरणारे वैतागले. दहा दिवसांतून एक सुट्टी कुणाला आवडणार?

महाराजांनी फक्त एक फील्ड वाढवलं. जुनी फील्डं तशीच.

आणखी एक गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटली. मुघल दरबारात 'जुलूस' नावाचं साल असायचं, म्हणजे बादशहा गादीवर बसल्यापासूनचं. बादशहा बदलला की आकडा पुन्हा १. राज्याभिषेक शकाचं तसं झालं नाही. महाराज ३ एप्रिल १६८० ला गेले, चैत्र पौर्णिमेला. तेव्हा राज्याभिषेक शके ६ चालू होतं. म्हणजे स्वतः काढलेला शक त्यांना सहा वर्षंही पुरता वापरायला मिळाला नाही. जानेवारी १६८१ मध्ये संभाजीराजांचा राज्याभिषेक झाला, पण आकडा पुन्हा १ वर आला नाही. तोच पुढे चालला. राजाराम महाराज जिंजीला गेले, स्वराज्याचे किल्ले एकामागून एक पडत होते, तरी आकडा चालू. इतकंच काय, खुद्द महाराजांचा दुसरा अभिषेक निश्चलपुरी गोसाव्यांनी तांत्रिक पद्धतीने २४ सप्टेंबर १६७४ ला केला, तेव्हाही शक जूनचाच राहिला. थोडक्यात हे साल एका माणसाच्या कारकिर्दीचं नव्हतं, राज्याचं होतं. माणूस जाईल, मोजणी चालू राहील. १६७४ मध्ये हा विचार सुचणं मला साधी गोष्ट वाटत नाही.

या भागात आधी असं कुणी केलंच नव्हतं असं मात्र नाही. कल्याणीच्या (आजचं बसवकल्याण, बीदर जिल्हा) चालुक्य राजा सहाव्या विक्रमादित्यानं १०७६ मध्ये शालिवाहन शक बाजूला सारून चालुक्य विक्रम शक काढला होता. तो शतकभर शिलालेखांत दिसतो आणि मग विरून जातो. मधल्या सहाशे वर्षांत दख्खनमध्ये सुलतान आले, सुहूर आला.

*

मग हा शक कागदावर कसा दिसायचा? सनद किंवा वतनपत्राच्या अगदी वरती: स्वस्ति श्री, राज्याभिषेक शके अमुक, अमुक संवत्सर, महिना, पक्ष, तिथी, वार. म्हणजे मावळातल्या एखाद्या देशमुखाला नुसतं इनामाचं पत्र आलं तरी पहिल्या ओळीतच कळायचं की हे राज्य कुणाचं. बादशहाचं नाही, आदिलशहाचं नाही. मजकूर नंतर.

यातली तांत्रिक मजा अशी, की तीन साली तीन वेगवेगळ्या दिवशी बदलतात. संवत्सर पाडव्याला, सुहूर मृगाला, राज्याभिषेक शक ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशीला. त्यामुळे राज्याभिषेक शके १ मध्ये ज्येष्ठापासून फाल्गुनापर्यंत आनंद संवत्सर, पण पुढचा चैत्र-वैशाख राक्षस संवत्सरातला, तरी शके १ च! ज्येष्ठ शुद्ध त्रयोदशी आली की मग शके २. आता समजा शंभर वर्षांनी वतनाच्या भांडणासाठी कुणी खोटा कागद केला आणि त्यावर 'राज्याभिषेक शके १, आनंद संवत्सर, चैत्र' असं लिहिलं, तर तो तिथेच पकडला जातो. कारण आनंद संवत्सराच्या चैत्रात राज्याभिषेक झालेलाच नव्हता. त्यात तिथी आणि वारही जुळायला हवा. चारही गोष्टी जुळवणं खोटं करणाऱ्याला अवघड जातं. आपण याला चेकसम म्हणतो. इतिहासाचे अभ्यासक खरे जंत्रीसारखी कोष्टकं घेऊन हेच तपासत असतात.

*

एवढं सगळं करून हा शक रुजला का?

खरं सांगायचं तर अर्धाच. सनदांच्या मथळ्यावर राहिला, पण हिशोबात आणि रोजच्या पत्रांत सुहूर तसाच चालू. पेशवे दफ्तरातले कागद बघा, भट मंडळी, पक्की वेदशास्त्र मानणारी, आणि साल लिहिणार 'इहिदे सितैन मया व अलफ'. तारीख लिहिणार हिजरी चंद्राची, 'छ' म्हणून. कित्येक पत्रांवर तर सालच नाही, नुसता छ आणि महिना. राजवाड्यांपासून सगळ्या संशोधकांचं आयुष्य त्यातून साल शोधण्यात गेलं.

असं का झालं असेल? मला वाटतं उत्तर मृगात आहे. शेतकऱ्याचं वर्ष मृगाला सुरू होतं. पेरणी, कर्ज, सारा, सालगड्याचा करार, सगळं त्याला बांधलेलं. सुहूर परकीय राजवटीतून आला, शब्द अरबी, पण जुळत होता शेताशी. राज्याभिषेक शकाचा पहिला दिवस ही राज्याची आठवण होती, पण तिच्यावर कुठला व्यवहार अवलंबून नव्हता. कुळकर्ण्याला त्याची गरजच पडत नव्हती.

शब्दांचंही तसंच झालं. महाराजांनी रघुनाथ पंडितांकडून राज्यव्यवहारकोश करवून घेतला, फारसी शब्दांना संस्कृत पर्याय दिले. मुजुमदार झाला अमात्य, सुरनीस सचिव, वाकनीस मंत्री, डबीर सुमंत, सरनोबत सेनापती आणि पेशवा झाला मुख्य प्रधान. त्यातला 'सेनापती' आपण आजही वापरतो. 'पेशवा' मात्र बदलला नाही, उलट पुढचं सगळं शतक त्याच नावाने ओळखलं गेलं. राजानं काढलेल्या गोष्टींपैकी काय ठेवायचं ते शेवटी वापरणारे ठरवतात. ऑफिसात नवं सॉफ्टवेअर आणलं की जुनी एक्सेल शीट कोण सोडतो?

१८१८ नंतर इंग्रजी तारीख आली, १८४८ मध्ये सातारचं राज्य खालसा झालं आणि ज्या सनदांवर हा शक लिहायचा त्या सनदाच संपल्या.

स्वतंत्र भारतानेही एकदा प्रयत्न केला. १९५२ मध्ये मेघनाद साहांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली. त्यात आपले दोघे होते, नागपूरचे के. ल. दप्तरी आणि केसरीचे संपादक राहिलेले ज. स. करंदीकर. समितीला देशात तीसएक पंचांगं चालू दिसली. त्यातून राष्ट्रीय शक आला, २२ मार्च १९५७ म्हणजे १ चैत्र १८७९. गणित स्वच्छ, सूर्याला पक्कं बांधलेलं. पण १ चैत्रला पाडवा नाही! नावं आपलीच, अर्थ दुसरा. तो राजपत्रात छापतात, आकाशवाणीवर सांगतात. तुमच्यापैकी किती जणांना आजची राष्ट्रीय तारीख माहीत आहे? मलाही नाही.

*

आता जे लिहिण्यासाठी खरं म्हणजे बसलो ते.

६ जूनचा शोध घेताना मी एका ठिकाणी अडकलो. जेधे शकावलीत राज्याभिषेकाचा दिवस दिला आहे ज्येष्ठ शुद्ध द्वादशी, शुक्रवार. आपण म्हणतो त्रयोदशी. आणि ६ जून १६७४ चा वार काढला तर येतो शनिवार. तीन नोंदी, तिन्ही वेगळ्या! मला वाटलं माझं गणित चुकलं. दोनदा केलं, शनिवारच.

उलगडा असा आहे. शकावली पुढे सांगते की महाराज सिंहासनावर बसले तेव्हा तीन घटका रात्र उरली होती. घटका २४ मिनिटांची, म्हणजे सूर्योदयाला सव्वा तास बाकी. आपल्याकडे दिवस बदलतो सूर्योदयाला, मध्यरात्री नाही. म्हणून ती पहाट आपल्या हिशोबाने अजून शुक्रवारच. इंग्रजांच्या घड्याळात मात्र शनिवार लागलेला. आता तिथी. शकावलीत द्वादशीपुढे २१ घटका ३४ पळे दिली आहेत, म्हणजे ती शुक्रवारी दुपारी अडीच-पावणेतीनच्या सुमारास संपली. त्या दिवसाला नाव द्वादशीचं, कारण सूर्योदयाला द्वादशी होती. पण सिंहासनावर बसताना आकाशात होती त्रयोदशी. म्हणून शक त्रयोदशीपासून. तिन्ही नोंदी बरोबर!

(आणखी एक गोंधळ: ६ जून ही तारीख जुन्या ज्युलियन कॅलेंडरची. रायगडावर हजर असलेला ईस्ट इंडिया कंपनीचा वकील हेन्री ऑक्झिंडेन तेच वापरायचा. गोव्यातल्या पोर्तुगीजांनी मात्र नवं ग्रेगोरियन कॅलेंडर घेतलं होतं, त्यांच्याकडे त्या दिवशी १६ जून. इंग्रज आणि त्यांच्या वसाहती, म्हणजे आपलं न्यू जर्सीसुद्धा, १७५२ मध्ये बदलले. २ सप्टेंबरला लोक झोपले आणि उठले ते १४ ला. आमच्या शेजारच्या मॉरिसटाउनला ज्याचं मुख्यालय होतं, तो जॉर्ज वॉशिंग्टन जन्मला ११ फेब्रुवारीला आणि वाढदिवस आता २२ ला. त्यामुळे शिवजयंती दोनदा होते म्हणून हसणाऱ्यांनी जरा दमाने घ्यावं.)

हे सगळं वाचून मी खुर्चीत मागे टेकलो, कारण मला आमचे बाबा आठवले.

बाबा पुण्यात गेले, जानेवारीत, पहाटे पाच वाजता. हॉस्पिटलच्या दाखल्यावर गुरुवार. मला दादाचा फोन आला तेव्हा इथे बुधवारची संध्याकाळ, साडेसहा. मी ऑफिसातून घरी येऊन बूट काढत होतो. आदल्या दिवशीच आईशी बोलणं झालं होतं, ती म्हणाली होती उद्या संकष्टी आहे, माझा उपास. माझ्या डोक्यात ते पक्कं बसलं. बुधवार, संकष्टी, बाबा. तिकीट मिळून पोचेपर्यंत सगळं झालं होतं. पहिलं वर्षश्राद्ध पुण्यात झालं, रजा नव्हती म्हणून मी गेलो नाही. इथे पार्सिपनीत मी भिंतीवरचं भारतातून आणलेलं कालनिर्णय काढलं, पौष वद्य चतुर्थी शोधली आणि त्या दिवशी पान वाढून नमस्कार केला. दोन वर्षं मी चतुर्थी पाळली. दादा तिकडे पंचमी करत होता. आम्ही दोघंही एकमेकांना काही बोललो नाही. मला वाटलं दादाने त्याच्या सोयीचा दिवस धरलाय. त्याला वाटलं अमेरिकेत असंच चालतं. खोटं कशाला बोलू, मनात थोडी अढी बसली होती.

जेधे शकावली वाचल्यावर त्याच रात्री मी त्या वर्षीचं पंचांग नेटवर काढलं. चतुर्थी संपली होती पहाटे तीनला, भारतीय वेळेनुसार. बाबा गेले पाचला. सूर्योदय व्हायचा होता म्हणून दिवस बुधवारच, त्याला नाव चतुर्थीचं, पण त्या क्षणी पंचमी. श्राद्धाला धरतात ती निधनाच्या क्षणाची तिथी. अगदी रायगडासारखं. गुरुजींनी दादाला बरोबर सांगितलं होतं. आणि इथल्या घड्याळाने बघितलं तरी तेच: चतुर्थी संपली बुधवारी दुपारी साडेचारला, बाबा गेले साडेसहाला. कारण तिथी म्हणजे चंद्र आणि सूर्य यांच्यातल्या कोनाचा बारा अंशांचा टप्पा. तो ज्या क्षणी पार होतो, तो क्षण पुण्याला आणि पार्सिपनीला एकच असतो. वार बदलेल, तारीख बदलेल, तिथीचा क्षण नाही. आपण सर्व्हरवर वेळ यूटीसीत ठेवतो तसंच हे. रोज तेच काम करतो आणि बाबांच्या बाबतीत लक्षात आलं नाही.

दादाला फोन केला. सांगितलं, तू बरोबर होतास, मी चुकलो. तो म्हणाला, "अरे मला वाटलं तुला सुट्टी नसेल म्हणून आदल्या दिवशी करतोस." मग आई फोनवर आली. तिला सगळं समजावून सांगितलं, घटका, पळे, रायगड. तिने शांतपणे ऐकून घेतलं आणि म्हणाली, "बरं झालं की. दोन दिवस आठवण काढलीत त्यांची. पुढच्या वर्षीपासून एकदाच काढणार का आता?"

याचं उत्तर मी अजून दिलेलं नाही.

*

२०२३ च्या जूनमध्ये राज्याभिषेक शके ३५० लागलं, तेव्हा रायगडावर सोहळा झाला. तिथीने २ जूनला आणि तारखेने ६ जूनला, असा दोनदा. त्यावरही नेहमीप्रमाणे वाद झाले, ३५० पूर्ण झाली की ३५० वं लागलं? (लागलं. मोजणी १ पासून आहे, ० पासून नाही. आपल्यातल्या सी प्रोग्रॅमर मंडळींनी नोंद घ्यावी.) कुणी त्या शकावर सारा भरत नाही, चेक लिहीत नाही. तरी तो मोजला जातोय. मग तो मेला असं म्हणायचं का? मला म्हणवत नाही.

चिरंजीवांना हे सगळं सांगितलं, श्राद्धाचा भागसुद्धा. त्याने आपल्या वहीत साल पहिलं कुठून ते ठरवलंय. त्याच्या जगात राजाने साल सुरू केलेलं नाही. ज्वालामुखी शांत झाला आणि लोक परत घरी आले, त्या दिवसापासून मोजायचं. राजा नंतर आला आणि त्याने तेच चालू ठेवलं.

जाता जाता मंडळींना दोन विनंत्या. एक, घरात जन्म किंवा मृत्यू झाला तर नुसती तारीख लिहून ठेवू नका. गाव, घड्याळाची वेळ आणि तिथला टाइम झोन लिहा. तिथी त्यातून कधीही काढता येते, उलट मात्र येत नाही. दुसरं, कुणाच्या घरी जुने कागद असतील आणि वरच्या ओळीत 'सबैन', 'तिसैन', 'अलफ' असं काही दिसत असेल, तर फोटो पाठवा. मोडी मला वाचता येत नाही, पण कुणी ती ओळ वाचून दिली तर साल मी काढून देईन.

चू. भू. द्या. घ्या.

कळावे, लोभ असावा,
एक पार्सिपनीकर